गोव्यात राहून कॅमेऱ्यामागची चार-पाच कामं कशी सांभाळायची

मुंबईच्या युनिटवर नवीन पोरगं गेलं की विचारतात तू काय करतोस, आणि गोव्यात विचारतात तुला काय काय येतं. मी चौदा वर्षं फोंड्यात राहून हेच करतोय, एडिटिंग केलं, लोकेशन साऊंड केला, असिस्टंट डिरेक्टर होतो, बाहेरून आलेल्या युनिटसाठी लाइन प्रॉडक्शन, म्हणजे त्यांची इथली सगळी व्यवस्था, केलं, डॉक्युमेंटरीला स्वतः कॅमेरा धरला, एका वर्षी तर नुसती सबटायटल्स करून घर चालवलं. दर महिन्याला कोणी ना कोणी फोन करून विचारतं की मला पण असंच करायचंय, सुरुवात कुठून करू, म्हणून एकदाच नीट लिहून काढतो.

गोव्यात हे असं का करावं लागतं ते आधी समजून घ्या. २००४ साली इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, पणजीत आली, २००७ पासून तिच्याबरोबर फिल्म बाजार, म्हणजे निर्माते आणि खरेदीदार भेटतात ती जागा, भरायला लागला, नोव्हेंबरात जगभरचा सिनेमा आपल्या दारात येतो हे खरं, पण बारा महिने काम देणारी इंडस्ट्री काही त्याने उभी राहिली नाही. कोकणी-मराठी फिल्म वर्षाला मोजक्याच होतात. बाकी सगळं काम म्हणजे जाहिराती, म्युझिक व्हिडिओ, वेब सिरीजचं इथलं आठ-दहा दिवसांचं शेड्यूल, लग्नं आणि सरकारी खात्यांच्या छोट्या डॉक्युमेंटरी. ऑक्टोबर ते मे पळापळ असते आणि जूनला पाऊस लागला की बाहेरची युनिटं येणं कमी होतं, मग ज्याला फक्त साऊंड येतो तो चार महिने घरी आणि ज्याला साऊंड आणि एडिटिंग दोन्ही येतं तो त्या चार महिन्यांत टेबलवर बसून कमावतो. म्हणजे आवड म्हणून नाही, पोटासाठीच दोन-तीन कामं यायला लागतात.

यात कमीपणा काही नाही. फाळक्यांचं बघा ना, चित्रकला शिकले, फोटोग्राफी शिकले, पुरातत्त्व खात्यात नोकरी केली, छापखाना चालवला, मग लंडनहून कॅमेरा आणून १९१३ ला राजा हरिश्चंद्र केला, स्क्रिप्ट त्यांची, डिरेक्शन त्यांचं, आणि फिल्मला भोकं पाडण्यापासून ती धुण्यापर्यंत घरात काम चालायचं, त्यात पत्नी सरस्वतीबाई बरोबरीने होत्या. पण यातली एक गोष्ट लोक विसरतात. फाळक्यांना कॅमेरा येत होता, तरी राजा हरिश्चंद्रला कॅमेऱ्याचं हँडल त्र्यंबक तेलंगांच्या हातात होतं, त्यांना फाळक्यांनीच शिकवलं होतं. काम येत असणं वेगळं आणि त्या दिवशी सेटवर ते आपणच करणं वेगळं. मला या लाइनमध्ये जे काही कळलंय त्यातलं निम्मं या एका गोष्टीत आहे, पुढे परत येतो तिच्याकडे.

आता सुरुवात. माझं मत स्पष्ट आहे, शेवटच्या टेबलापासून सुरू करा, म्हणजे एडिटिंगपासून. सगळ्यांना आधी कॅमेरा घ्यायचा असतो, घरचे पण कर्ज काढून घेऊन देतात, आणि मग तो कॅमेरा लग्नाला भाड्याने जातो. एडिटिंगला कॅमेरा लागत नाही, एक बरा कॉम्प्युटर लागतो, डाविंची रिझॉल्व्हचं फुकटचं व्हर्जन शिकायला पुरून उरतं. मामेबहिणीच्या लग्नाचं फुटेज मागा, गावच्या जत्रेतल्या नाटकाचं कोणीतरी केलेलं रेकॉर्डिंग मागा, काहीही चालेल. सहा महिने दुसऱ्यांनी शूट केलेलं कापत बसा आणि शेजारी एक वही ठेवा. ज्या ज्या वेळी शूट करणाऱ्याला शिव्या द्याव्याशा वाटतील त्या त्या वेळी वहीत एक ओळ लिहायची, काय नव्हतं म्हणून अडलं. कट लवकर म्हटला म्हणून माणसाच्या चेहऱ्यावरचे शेवटचे दोन सेकंद मिळाले नाहीत. क्लॅप नाही म्हणून आवाज जुळवायला एक तास गेला. खोलीचा रिकामा आवाज घेतला नाही म्हणून दोन वाक्यांच्या मध्ये खड्डा पडतो. ही वही म्हणजेच तुमचा कोर्स, कारण उद्या तुम्ही सेटवर उभे राहाल तेव्हा कोणासाठी काय घ्यायचंय ते तुम्हाला कोणी सांगायची गरज उरणार नाही.

माझ्या वहीतली पहिली नोंद अबोलीच्या फातीची, म्हणजे गजऱ्याची आहे. एका शॉर्ट फिल्ममध्ये बाईच्या केसात फाती माळलेली, सकाळी नऊला क्लोज घेतला आणि दुपारी अडीचला वाइड, एडिटला दोन्ही लागून आले तर एका शॉटमध्ये फाती टवटवीत आणि पुढच्यात सुकून काळपट. अख्खा सीन क्लोजवर काढावा लागला. त्यानंतर मी असिस्टंट डिरेक्टर म्हणून गेलो की पहिलं बघतो फुलं आहेत का, असली तर तीन-चार फाती ओल्या फडक्यात गुंडाळून आइसबॉक्समध्ये ठेवायला लावतो आणि प्रत्येक सेटअपचा फोटो मोबाइलवर काढतो. हे मला कुठल्या असिस्टंट डिरेक्टरने शिकवलं नाही, एडिटिंगच्या टेबलाने शिकवलं.

दुसरा नंबर साऊंडचा. साऊंडला माणसं नेहमीच कमी असतात म्हणून नवीन पोराला इथे लवकर शिरकाव मिळतो. बूम, म्हणजे लांब काठीवरचा माइक, धरायला जा, आठ तास हात वर करून उभं राहायची तयारी ठेवा. रेकॉर्डिंग ४८ किलोहर्ट्झ आणि २४ बिटवर, संवादाची शिखरं मायनस १२ डेसिबलच्या आसपास राहू द्या म्हणजे कोणी ओरडलं तरी फाटणार नाही. पण गोव्यातला साऊंड म्हणजे खरं तर कान उघडे ठेवून गाव ओळखणं आहे. पोदेर, म्हणजे सायकलवरचा पाववाला, सकाळी आणि संध्याकाळी कितीला येतो ते आदल्या दिवशी विचारून ठेवायचं, त्याचा भोंपू मधल्या आळीतून पण ऐकू येतो. नारळ पाडणारा कुठल्या कुळागरात, म्हणजे माड-पोफळींच्या बागेत आहे, शेजारी देवळात आरती कधी, ट्रॉलर कधी सुटतात, पत्र्याच्या शेडखाली शूट आहे आणि ढग आलेत तर संवाद आधी उरका. समुद्रावर संवाद असला तर लाटांचा वेगळा आवाज त्याच जागेवरून त्याच माइकने चार-पाच मिनिटं घ्यायचा, नाहीतर एडिटला प्रत्येक कटला समुद्र उडी मारतो. आणि प्रत्येक जागा सोडायच्या आधी सगळ्यांना गप्प करून एक मिनिट रूम टोन, म्हणजे तोच त्या जागेचा रिकामा आवाज. युनिट वैतागतं, वैतागू दे.

साऊंड करताना सेटवर आणखी एक फायदा मिळतो जो मला फार मोठा वाटतो. कानाला हेडफोन लावून तुम्ही नट काय बोलतोय ते डिरेक्टरपेक्षाही जवळून ऐकत असता, खरं वाक्य कुठलं आणि पाठ केलेलं कुठलं हे दोन-तीन फिल्ममध्ये कानाला कळायला लागतं. पुढे लिहायचं किंवा डिरेक्शन करायचं मनात असेल तर ही शिकवणी दुसरीकडे कुठे नाही.

मग असिस्टंट डिरेक्शन आणि प्रॉडक्शन. ही कामं वेगळी आहेत पण गोव्यात छोट्या युनिटवर ती एकमेकांत मिसळतात. कॉल शीट लिहायला शिका, कोण किती वाजता कुठे, गाडी कुठली, जेवण कुठे, सूर्यास्त किती वाजता, हे एका पानावर. दिवाडीला किंवा चोडणला शूट असलं तर जनरेटरची गाडी फेरीबोटीवर चढायला आणि उतरायला वेळ लागतो, त्यात सकाळी नोकरीवर जाणाऱ्या लोकांची लाइन असते, मुंबईहून आलेला माणूस नकाशावर दोन किलोमीटर बघून वीस मिनिटं धरतो आणि तुम्हाला माहीत असतं की अवजड गाडी पहाटेच पलीकडे नेऊन लावली पाहिजे. तुमची किंमत इथेच आहे.

परवानग्यांचं पण थोडक्यात सांगतो कारण लाइन प्रॉडक्शनमध्ये याच्यावरच दिवस बसतो किंवा उठतो. गोव्यात शूटच्या परवानगीसाठी पहिला दरवाजा एन्टरटेनमेंट सोसायटी ऑफ गोवाचा, जुन्या जीएमसीच्या, म्हणजे मेडिकल कॉलेजच्या, आवारात. पण तेवढ्यावर थांबू नका. जुन्या गोव्यातली चर्च आणि तांबडी सुर्लाचं महादेवाचं देऊळ पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणाखाली आहेत, तिथे त्यांची परवानगी वेगळी. मोलेचं अभयारण्य असेल तर वनखातं, नदीत होडी असेल तर कॅप्टन ऑफ पोर्ट्स, म्हणजे बंदर खातं, गावात असेल तर पंचायत, आणि देवळाच्या आवारात असेल तर देवस्थानच्या कमिटीला भेटून, बसून, चहा घेऊन विचारायचं, नुसतं पत्र टाकून नाही. ड्रोन उडवायच्या आधी डिजिटल स्काय या सरकारी साइटवरचा नकाशा बघा, दाबोळीला नौदलाचा तळ आहे आणि आता मोपाला दुसरा विमानतळ, त्यामुळे बराच भाग लाल किंवा पिवळ्यात, म्हणजे परवानगीशिवाय उडवता न येणाऱ्या भागात येतो. एका युनिटने मला न सांगता ड्रोन काढला होता आणि पोलीस आले ते माझ्या नावाने, कारण परवानगीच्या अर्जावर सही माझी. तेव्हापासून युनिट उतरल्या उतरल्या मी पहिला प्रश्न ड्रोनचाच विचारतो.

कॅमेरा मी शेवटी शिकलो आणि त्याचं मला दुःख नाही. दोन गोष्टी इथल्या म्हणून सांगतो. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची, ट्यूब आणि स्वस्त एलईडी सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात, त्यामुळे २५ फ्रेमला शटर १/५० सेकंदावर ठेवायचं, २४ फ्रेमला शूट असेल तर शटर अँगल १७२.८, नाहीतर पडद्यावर पट्टे सरकताना दिसतात आणि ते नंतर नीट निघत नाहीत. दुसरं म्हणजे सूर्य बुडाल्यावरचा मऊ उजेड इथे वीस-बावीस मिनिटांपेक्षा जास्त टिकत नाही, तेवढ्यात तीन शॉट होतील असं धरा, सात नाही. आणि पावसाळ्यात लेन्सना बुरशी लागते, बॅगेत ठेवून विसरू नका, ड्राय कॅबिनेट घ्या आणि आर्द्रता ४० ते ५० टक्क्यांच्या मध्ये ठेवा, परवडत नसेल तर हवाबंद डब्यात सिलिका जेल घालून ठेवा आणि ती जेल दर काही आठवड्यांनी गरम करून वाळवा.

आर्ट डिपार्टमेंटचं मी फार केलं नाही त्यामुळे त्यावर जास्त बोलत नाही, पण एवढं नक्की की ज्याने दिवाळीला नरकासुर बांधलाय, बांबूचा सांगाडा, खळ लावून कागदाचे थर, रात्रभर जागून रंग, किंवा ज्याने चवथीला घरात माटोळी, म्हणजे गणपतीवरची फळाफुलांची चौकट, बांधलीय, त्याला सेटवर वस्तू उभी करायचं निम्मं शिक्षण झालेलंच असतं. तसंच जत्रेतल्या नाटकाचं. आपल्या गावागावात देवळापुढे मराठी नाटक होतं, तिथे पडदा ओढा, लाइट सांभाळा, आणि शक्य असेल तर प्रॉम्प्टिंग घ्याच. प्रॉम्प्टरला अख्खं नाटक, प्रत्येकाची एन्ट्री, कोण कुठे अडखळतो ते सगळं डोक्यात ठेवावं लागतं, सिनेमात स्क्रिप्ट सुपरवायझर हेच करतो. फुकट मिळणारी शाळा आहे ती, सोडू नका.

आता फाळके-तेलंगांकडे परत. चार कामं यायला लागली की प्रोड्युसर म्हणतो अरे तूच कर ना सगळं, बजेट नाही. इथे माझा नियम एकच, कामांची वेळ वेगळी असेल तर दोन कामं एक माणूस करू शकतो, वेळ एकच असेल तर माणसं दोन पाहिजेत. लिहिणं आणि एडिटिंग, चालतं, एक शूटच्या आधी दुसरं नंतर. सेटवर साऊंड आणि नंतर साऊंड डिझाइन, उत्तमच, कारण काय घेतलंय ते तुम्हालाच माहीत. प्री-प्रॉडक्शनला लोकेशन मॅनेजर आणि शूटला असिस्टंट डिरेक्टर, चालतं. पण डिरेक्शन आणि फर्स्ट असिस्टंट एकत्र नाही, एकाला शॉट चांगला व्हायला हवा असतो आणि दुसऱ्याला घड्याळ सांभाळायचं असतं, एका डोक्यात ही दोघं भांडली की दोन्ही हरतात. प्रॉडक्शनबरोबर सेटवरचं दुसरं काहीच नाही, फोन थांबत नाही. आणि कॅमेरा आणि साऊंड एकत्र तर अजिबात नाही.

हे मी भोगून सांगतोय. एका गावात पौष महिन्यात धालो, म्हणजे बायकांचा रात्रीचा गाण्या-नाचाचा उत्सव, शूट करायला गेलो होतो, मांडावर, म्हणजे त्याच्या ठरलेल्या अंगणात, रात्री बाया जमल्या होत्या, म्हाताऱ्या बाया ज्यांना जुनी गाणी तोंडपाठ होती. बजेट कमी म्हणून कॅमेरा पण मी आणि रेकॉर्डर पण माझ्याच कमरेला. फोकस सांभाळण्यात मी इतका गुंतलो की रेकॉर्डरचं कार्ड भरून तो थांबला ते चाळीस मिनिटांनी बघितलं. कॅमेऱ्यावरचा आवाज होता पण लांबचा, नुसता गोंगाट, शब्द एकही कळत नव्हता. पुन्हा गा असं कोणाला सांगणार, ती रात्र देवाची असते, कॅमेऱ्याची नाही. पुढच्या पौषाची वाट बघितली, एक वर्ष डॉक्युमेंटरी अडली आणि पुढच्या वर्षी त्यातल्या दोन बाया मांडावर आल्या नाहीत, तब्येत साथ देत नव्हती. साऊंडला एक माणूस घेतला असता तर दोन दिवसांची मजुरी लागली असती.

डॉक्युमेंटरीला एकटंच जायची पाळी आली, आणि ती येते, तर निदान एवढं करा की कॅमेरा ट्रायपॉडवर लावून फ्रेम लॉक करा आणि हेडफोन कानावरून काढू नका. चित्र थोडं कंटाळवाणं झालं तर लोक बघतात, आवाज गेला तर उठून जातात.

डेटा हे पण काम आहे आणि छोट्या युनिटवर ते बहुतेक तुमच्याच गळ्यात येतं. कार्डाच्या दोन कॉपी दोन वेगळ्या डिस्कवर होऊन तपासल्याशिवाय कार्ड फॉरमॅट करायचं नाही, तपासणं म्हणजे नुसतं फोल्डरचा साइज बघणं नाही, चेकसम करणाऱ्या, म्हणजे मूळ आणि कॉपी तंतोतंत जुळते का ते तपासणाऱ्या, सॉफ्टवेअरने कॉपी करायची. तिसरी कॉपी दुसऱ्या गाडीतून दुसऱ्या घरात. भरलेल्या कार्डावर लाल टेप, रिकाम्यावर हिरवी. रात्री अकराला थकलेल्या माणसाच्या आठवणीवर काही सोडायचं नाही.

पैशाचं सगळ्यात शेवटी विचारतात पण खरं तर आधी विचारायला हवं. दुसरं काम फुकट देऊ नका. जेव्हा तुम्ही साऊंडला गेलात आणि तिथे म्हणाले जरा एडिट पण बघ ना, तेव्हाच व्हॉट्सअॅपवर दोन ओळी लिहून पाठवा की साऊंडचे इतके, एडिटिंगचे वेगळे इतके, आणि किती करेक्शन त्यात धरलीत. बिलात दोन ओळी दोन कामांच्या. एकदम एका रकमेत घातलं की पुढच्या वेळी तीच रक्कम दोन्ही कामांची म्हणून ठरून जाते आणि तुमच्याबरोबर दुसऱ्यांचा पण रेट पडतो. टीडीएस कापला असेल तर त्याचं सर्टिफिकेट मागून घ्या. क्रेडिट पण आधीच लिहून ठरवा, टायटलमध्ये नाव कुठल्या कामाखाली येणार ते. मला एका प्रोजेक्टवर तीन कामं करून शेवटी आभाराच्या यादीत टाकलं होतं, आणि ते काम मी आज कोणाला दाखवूच शकत नाही कारण माझं म्हणून सांगायला पडद्यावर काही नाही.

शोरील, म्हणजे कामाचे नमुने दाखवणारा छोटा व्हिडिओ, सगळ्या कामांचं एकत्र करू नका. एडिटिंगचं वेगळं, कॅमेऱ्याचं वेगळं, दीड-दोन मिनिटांचं. ज्याला एडिटर हवाय त्याला तुमचे ड्रोन शॉट बघायचे नसतात. आणि ओळख करून देताना एक काम आधी सांगा, जे तुम्हाला सगळ्यात जास्त येतं ते, मी एडिटर आहे, लोकेशन साऊंड पण करतो. एवढंच. सगळं येतं म्हणणाऱ्याला कार्ड आणायला पाठवतात. प्रभातचे दामले आणि फत्तेलाल बघा, डिरेक्शन केलं, संत तुकाराम त्यांचाच, १९३६चा, पण दामले म्हटलं की साऊंड आणि फत्तेलाल म्हटलं की कला विभाग हे कंपनीत पक्कं होतं. मुख्य हात एक असावा, तो इतका पक्का की बाकीची कामं करताना भीती वाटू नये.

पहिल्या कमाईतून काय घ्यायचं असं पण विचारतात. कॅमेरा नको, तो भाड्याने मिळतो. कान पूर्ण झाकणारे बंद पाठीचे चांगले हेडफोन घ्या, एडिटला पण लागतात आणि साऊंडला पण, मग दोन हार्ड डिस्क, मग छत्री, खरंच, एक मोठी काळी छत्री, मे अखेरच्या पावसाला मॉनिटरवर धरायला आणि एप्रिलच्या उन्हात स्क्रीन दिसायला. आणि ती वही. माझी आता सातवी चालू आहे.